घराची किंमत आणि कर्जाची किंमत



'दामदुपट' हा शब्द मराठी माणसाला पिढ्यान् पिढ्या ठाऊक आहे. धनकोने ऋणकोकडून एका वेळी मुद्दलापेक्षा अधिक व्याज वसूल करू नये, असा हिंदू धर्मशास्त्राचा दंडक होता आणि जुन्या मुंबई इलाख्यातील न्यायालयांनीही तो मानला होता. सावकाराच्या वहीत व्याज मुद्दलाच्या पुढे गेले की गावात त्याची चर्चा होत असे. आज मात्र शिकलेले, नोकरीपेशातले कुटुंब बँकेच्या टेबलाशी बसून वीस वर्षांच्या करारावर सह्या करते, त्यात व्याज मुद्दलाहून अधिक भरावे लागणार असते, आणि ते त्या कुटुंबाच्या ध्यानातही येत नाही. दामदुपटीचा दंडक थकून साचलेल्या व्याजासाठी होता. हप्त्याच्या कर्जात व्याज दरमहा चुकते होत असल्याने तो येथे लागू पडत नाही. बँक यात काही लबाडी करते असेही नव्हे. हिशेब उघडा असतो, फक्त सही करण्यापूर्वी तो कोणी मांडून पाहत नाही.

एके काळी सामान्य नोकरदाराचे घर निवृत्तीच्या सुमारास होत असे. भविष्यनिर्वाह निधी हाती आला, गावाकडची थोडी जमीन विकली, पत्नीचे दागिने मोडले, की त्यातून दोन खोल्या उभ्या राहत. हसमुखभाई पारेख यांनी १९७७ साली मुंबईत गृहकर्जासाठी स्वतंत्र वित्तसंस्था काढली आणि पुढे १९८८ मध्ये राष्ट्रीय आवास बँक स्थापन झाली. त्यानंतर पस्तिशीतच घरात राहावयास जाण्याचा मार्ग मध्यमवर्गाला खुला झाला. ही सोय लहान नव्हे. मात्र सोयीचे मोल मोजताना बहुतेकांची नजर एकाच आकड्यावर खिळते, तो म्हणजे मासिक हप्ता. 'हप्ता झेपेल ना?' एवढे विचारून झाले, की घरातली चर्चा रंग आणि फरशीकडे वळते.

कागद-पेन्सिल जवळ असेल तर पुढील आकडे टिपून घ्यावेत. चाळीस लाखांच्या सदनिकेसाठी ३० लाख रुपये कर्ज, व्याजदर ९ टक्के, मुदत २० वर्षे. मासिक हप्ता येतो सुमारे २६,९९२ रुपये. असे २४० हप्ते. त्यांची बेरीज होते ६४ लाख ७८ हजार. म्हणजे ३० लाखांच्या मुद्दलावर ३४ लाख ७८ हजार रुपये व्याज. कर्ज ३० लाखांचे, पण घराबाहेर जाणारी रक्कम दुपटीहून अधिक.

ती तशी का होते, हे पहिल्याच महिन्याच्या हप्त्यात दिसते. ३० लाखांवर एका महिन्याचे व्याज २२,५०० रुपये. हप्त्यातून ते वजा केले की मुद्दलाकडे वळतात जेमतेम ४,४९२ रुपये. पुढच्या महिन्यात व्याज किंचित कमी, मुद्दल किंचित जास्त, असा हा काटा फार सावकाश सरकतो. पाच वर्षे एकही हप्ता न चुकवता भरणाऱ्याने १६ लाख १९ हजार रुपये दिलेले असतात. त्याचे कर्ज मात्र उतरलेले असते केवळ ३ लाख ३९ हजारांनी. पाच वर्षांनी बदली झाली, घर विकावयाची वेळ आली आणि बँकेकडून येणे रकमेचा दाखला हाती पडला, की अनेकांना धक्का बसतो तो येथेच. त्यावर अजून २६ लाख ६१ हजार बाकी असतात. निम्मे मुद्दल फिटावयास १४ वर्षे लागतात. उरलेले निम्मे अखेरच्या सहा वर्षांत फिटते.

मुदतीचा प्रश्न याहूनही महत्त्वाचा आहे. हप्ता जड वाटला की मुदत वाढवून घेण्याची सूचना पुढे येते आणि ती गोड वाटते. तेच कर्ज ३० वर्षांचे केले तर हप्ता २४,१३९ रुपयांवर येतो. दरमहा २,८५३ रुपयांचा दिलासा. त्या दिलाशाची किंमत आहे जादा २२ लाख १२ हजार रुपये व्याज! उलट, मुदत १५ वर्षांची ठेवली तर हप्ता ३०,४२८ रुपये होतो. दरमहा ३,४३६ रुपये अधिक काढावे लागतात, आणि व्याजात दहा लाख वाचतात. दर तोच, रक्कम तीच. फरक पडतो तो केवळ काळामुळे. व्याजदर पाव टक्क्याने कमी करून घेण्यासाठी चार बँकांच्या पायऱ्या झिजविणारे लोक मुदतीचा आकडा मात्र समोरच्या कारकुनाला भरू देतात, हे पाहून नवल वाटते.

हा सारा हिशेब दर स्थिर राहील असे धरून केलेला आहे, आणि दर तर क्वचितच स्थिर राहतो. आज बहुतेक गृहकर्जे बदलत्या दराची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांच्या अशा नव्या कर्जांचा दर रिझर्व्ह बँकेच्या रेपो दरासारख्या बाह्य मापदंडाशी जोडण्यात आला. रेपो दर उतरला की कर्जदाराला त्याचा लाभ लवकर मिळावा, हा त्यामागचा उद्देश. पण बांधलेली दोरी दोन्हीकडे ओढते. मे २०२२ पूर्वी ४ टक्के असलेला रेपो दर फेब्रुवारी २०२३ पर्यंत ६.५ टक्क्यांवर गेला.

माध्यमिक शाळेतील एखाद्या शिक्षकाचे उदाहरण घ्यावे. २०२१ साली, वयाच्या ३८ व्या वर्षी, त्याने ७ टक्के दराने ३० लाखांचे कर्ज २० वर्षांसाठी घेतले. ५८ व्या वर्षी सेवानिवृत्ती, त्याच वर्षी कर्जमुक्ती, असा त्याचा नेटका बेत. हप्ता २३,२५९ रुपये. वर्षभर हप्ते भरल्यावर बाकी राहिली २९ लाख २९ हजार. प्रत्यक्षात दर टप्प्याटप्प्याने वाढला, पण हिशेबाच्या सोयीसाठी तो एकदम अडीच टक्क्यांनी वाढून ९.५ टक्के झाला असे समजू. हप्ता तोच ठेवला, तर महिन्याचे व्याजच होते २३,१८५ रुपये. मुद्दलाकडे जाणार ७४ रुपये! या गतीने कर्ज फिटावयास आणखी साठ वर्षे लागतील. म्हणजे जे पोरगे आज अंगणात खेळते आहे, तेही निवृत्त होऊन बरीच वर्षे लोटलेली असतील. मूळची मुदत टिकवावयाची तर हप्ता सुमारे २७,७८८ रुपये करणे भाग आहे. शिक्षकाच्या घरखर्चातून दरमहा साडेचार हजार काढणे सोपे नाही. परंतु निवृत्तिवेतनातून हप्ता भरण्यापेक्षा ते बरे, हे त्याला वेळीच समजावयास हवे.

अडचण अशी होती, की दर वाढल्यावर हप्ता न वाढविता मुदतच वाढविली जात असे, आणि अनेक कर्जदारांच्या ते गावीही नसे. हप्ता तेवढाच कापला जातो आहे, म्हणजे सारे ठीक आहे, अशी त्यांची समजूत. रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी याबाबत निर्देश दिले. दर बदलल्यास हप्त्यावर वा मुदतीवर काय परिणाम होईल हे कर्जदाराला कळविले पाहिजे. हप्ता वाढवावा, मुदत वाढवावी की दोन्ही थोडे थोडे करावे, हे ठरविण्याची संधी त्याला दिली पाहिजे. आणि किती हप्ते उरले आहेत हे दर तिमाहीच्या विवरणात दिसले पाहिजे. व्याजही भागणार नाही इतकी मुदत ताणू नये, असेही त्यात सांगितले आहे. २०२५ मध्ये रेपो दर पुन्हा उतरविण्यात आला. त्या वेळी हप्ता कमी करून घेण्याऐवजी तोच चालू ठेवून मुदत घटविणारा कर्जदार अधिक लाभात राहिला.

व्याजाशिवाय इतरही खर्च आहेत. त्यांपैकी मुद्रांक शुल्क आणि नोंदणी फी सर्वांना ठाऊक असते. मोठ्या शहरांत ती रक्कम घराच्या किमतीच्या सहा-सात टक्क्यांच्या घरात जाते आणि बहुधा स्वतःच्या खिशातूनच भरावी लागते. प्रक्रिया शुल्क, कायदेशीर तपासणी आणि मूल्यांकन यांचा खर्च तुलनेने किरकोळ. विम्याची गोष्ट मात्र नीट पाहण्यासारखी आहे. कर्त्या माणसाचे बरेवाईट झाल्यास कर्जाचा बोजा बायकामुलांवर पडू नये म्हणून विमा घेणे शहाणपणाचेच. पण ९० हजारांचा एकरकमी विमाहप्ता कर्जातच मिळविला, की त्यावरही २० वर्षे व्याज चालते आणि ९ टक्के दराने तो विमा १ लाख ९४ हजारांना पडतो. वर्षाला हप्ता भरावयाचा साधा मुदतीचा विमा किती रुपयांत मिळतो, हे आधी विचारून पाहावे. बांधकाम चालू असलेल्या इमारतीत घर घेणाऱ्यांनी आणखी एक ध्यानात ठेवावे. ताबा मिळेपर्यंत केवळ उचललेल्या रकमेवरील व्याज भरण्याची सवलत असते. २० लाख उचलले गेले आणि ताबा तीन वर्षांनी मिळाला, तर ५ लाख ४० हजार रुपये भरूनही कर्ज एका रुपयाने कमी झालेले नसते. त्याच काळात जुन्या घराचे भाडेही चालूच असते.

हे सारे खर्च एका जागी दिसावेत म्हणून १ ऑक्टोबर २०२४ पासूनच्या नव्या कर्जांसाठी मुख्य तथ्यांचे विवरणपत्र देणे बंधनकारक झाले आहे. त्यात शुल्क, विमा आदी धरून येणारा वार्षिक खर्चाचा एकत्रित दर आणि परतफेडीचा तक्ता असतो. जाहिरातीतल्या दरापेक्षा हा दर पाहून दोन बँकांची तुलना करावी.

परतफेडीची पद्धत बदलली की व्याज किती बदलते, याचा एक बोलका नमुना सरकारी नोकरांच्या परिचयाचा आहे. केंद्र शासनाच्या घरबांधणी अग्रिमात आधी मुद्दल वसूल होते, तेही जास्तीत जास्त १८० हप्त्यांत, आणि व्याज त्यानंतरच्या ६० हप्त्यांपर्यंत. व्याज सरळ पद्धतीचे. या अग्रिमाला रकमेची मर्यादा असते हे खरे. परंतु समजुतीसाठी तेच ३० लाख आणि तोच ९ टक्के दर धरला, तर व्याज होते सुमारे २० लाख ३६ हजार. बँकेच्या २० वर्षांच्या कर्जावर हाच आकडा पावणेपस्तीस लाख होता. ज्यांना अशी सोय उपलब्ध आहे, त्यांनी कागदपत्रांच्या कटकटीला कंटाळून ती सोडून देणे हा महागडा आळस ठरेल.

बाकीच्यांच्या हातातही काहीच नाही असे नव्हे. रिझर्व्ह बँकेने २०१२ साली बँकांना बदलत्या दराच्या गृहकर्जांवर मुदतपूर्व फेडीसाठी दंड आकारण्यास मनाई केली. आधीच्याच उदाहरणात दर वर्षअखेरीस एक हप्ता जादा भरला, तर कर्ज साडेसोळा वर्षांत फिटते आणि सुमारे सात लाख रुपये वाचतात. दिवाळीचा बोनस किंवा महागाई भत्त्याची थकबाकी यासाठी उपयोगी पडू शकते. मात्र वेळ फार महत्त्वाची. पहिल्या वर्षाअखेर भरलेले एक लाख रुपये शेवटचे १९ हप्ते, म्हणजे पाच लाखांहून अधिक रक्कम वाचवितात. तेच लाख रुपये पंधरा वर्षांनी भरले तर सहा हप्तेही वाचत नाहीत. जादा रक्कम भरताना 'हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी' असे लेखी द्यावे.

आता दुसरी बाजू. व्याजाचे आकडे ऐकून कर्जालाच नकार देणे हेही हिशेबाला धरून होणार नाही. विसाव्या वर्षीचा रुपया आजचा रुपया नसतो. भाववाढ वर्षाला ५ टक्के धरली तर अखेरचा २६,९९२ रुपयांचा हप्ता आजच्या सुमारे दहा हजारांच्या मोलाचा असेल. त्या काळात पगार वाढतो, आणि वाचलेले भाडेही जमेस धरावे लागते. उलट प्राप्तिकरातील सवलतीचा मात्र फार भरवसा धरू नये. स्वतः राहत्या घरावरील व्याजाची वजावट जुन्या करपद्धतीत कमाल २ लाख रुपये. नव्या पद्धतीत ती मिळत नाही. घरमालक झाल्यावर सहकारी गृहनिर्माण संस्थेची मासिक वर्गणीही सुरू होते. आदर्श उपविधींप्रमाणे बांधकाम खर्चाच्या वार्षिक ०.७५ टक्के दुरुस्ती निधी आणि किमान ०.२५ टक्के निक्षेप निधी असतो. भाडेकरूच्या हिशेबात या रकमा नसतात.

शेवटचा हप्ता भरला की काम संपले असे समजून घरी बसू नये. मूळ कागदपत्रे ३० दिवसांच्या आत परत करणे आणि नोंदलेला बोजा उतरविणे १ डिसेंबर २०२३ पासून बँकांवर बंधनकारक आहे. बँकेच्या चुकीने विलंब झाल्यास दर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. कर्ज फिटल्याचा दाखला घेऊन तो संस्थेच्या चिटणीसाकडे द्यावा, आणि संस्थेच्या दप्तरात त्या सदनिकेपुढे असलेली बँकेच्या बोजाची नोंद आपल्यासमोर कमी करून घ्यावी.