अंगण वांकडेंच होतें



शाळामास्तराला निवृत्तीनंतरहि एक खोड सुटत नाहीं. ती म्हणजे दुसऱ्याची चूक काढण्याची. मी स्वतः मॅट्रिकपलीकडे शिकलों नाहीं. परंतु चौतीस वर्षें मराठी शाळेंत गणित आणि भूगोल शिकवीत आलों. या अवधींत "गुरुजी, माझी कांहीं चूक नव्हती" हें वाक्य इतक्या वेळां ऐकलें कीं, त्यावर विश्वास न ठेवण्याची मला संवयच जडून गेली. या संवयीपायीं माझ्या हातून एका मुलावर अन्याय झाला. तो कसा घडला व त्याची भरपाई कशी झाली, हें आज आपणांस सांगावयाचें आहे. तें सांगतांना, हातांत धरावयाच्या यंत्रावर दूरचा खेळ कसा आणावा आणि तो सुरळीत कसा चालवावा, याचीहि माहिती ओघानें येईल. पुष्कळ घरांतून आज हा प्रश्न मुलें विचारीत आहेत, व वडील माणसें तो उडवून लावीत आहेत. म्हणून हा विषय निवडला.

२०२५ सालच्या उन्हाळ्यांत मी मुलीकडे अमेरिकेस गेलों होतों. न्यू जर्सी राज्यांतील एडिसन येथें ती व जांवई राहतात. माझा नातू तेरा वर्षांचा आहे. त्याच्यापाशीं 'स्टीम डेक' नांवाचें एक यंत्र आहे. व्हॉल्व्ह नामक अमेरिकन कंपनीनें तें फेब्रुवारी २०२२ पासून गिऱ्हाइकांच्या हातीं देण्यास आरंभ केला. मध्यें सात इंचांची कांच, दोहों बाजूंस कळा आणि अंगठ्यानें फिरवावयाच्या लहान दांड्या, असें त्याचें रूप. हा एक छोटा संगणकच होय. पुष्कळसे खेळ तो स्वतःच्या बळावर चालवितो; परंतु कांहीं खेळ त्याच्या जातीच्या यंत्रासाठीं केलेलेच नसतात, आणि कांहीं इतके अवजड असतात कीं, यंत्र तापतें, आंतला पंखा घोंघावूं लागतो व बॅटरी पाहतां पाहतां संपते.

अशा वेळीं उपयोगी पडतो तो क्लाउड गेमिंगचा मार्ग. 'क्लाउड' म्हणजे ढग. पण यांत आकाशांतलें कांहीं नाहीं. खेळ प्रत्यक्षांत चालतो तो दूरच्या एखाद्या इमारतींतील बलाढ्य संगणकावर. तेथें सेकंदास साठ या प्रमाणांत चित्रें तयार होतात, तीं दाबून लहान केलीं जातात आणि इंटरनेटच्या वाटेनें आपल्या हातांतील कांचेवर येतात. आपण कळ दाबली कीं, ती बातमी उलट वाटेनें तिकडे जाते, आणि तिचा परिणाम पुढच्या चित्रांत दिसतो. कल्पना कांहीं नवी नव्हे. ऑनलाइव्ह नांवाची अशी एक सेवा अमेरिकेंत २०१० सालीं निघाली व २०१५ सालीं बंद पडली. गूगलची स्टेडिया नोव्हेंबर २०१९ मध्यें सुरू झाली व जानेवारी २०२३ मध्यें मिटली. एनव्हिडिया कंपनीची 'जीफोर्स नाउ' ही सेवा फेब्रुवारी २०२० मध्यें सर्वांस खुली झाली, आणि मे २०२५ मध्यें स्टीम डेकसाठीं तिचें खास अ‍ॅप निघालें. माझा नातू हीच सेवा वापरीत असे. हिच्यांत खेळ आपण दुसऱ्या दुकानांतून घेतलेला असावा लागतो. ही केवळ तो चालविण्याचें यंत्र भाड्यानें देते.

नातवाचा आवडता खेळ 'रॉकेट लीग'. त्यांत माणसांऐवजीं मोटारी चेंडू लोटून गोल करितात. कळ नेमक्या क्षणीं दाबली तर मोटार उडी घेऊन चेंडूला गांठते. पळभर चुकलें कीं चेंडू निघून जातो. एके दिवशीं सायंकाळीं मी त्याच्या शेजारीं बसून पाहत होतों. मोटार उडे, पण चेंडू पुढें गेल्यावर. एकदां झालें, दोनदां झालें, दहादां झालें. तो म्हणाला, "आजोबा, मी वेळेवरच दाबतोंय हो, मोटार उशिरा उडते." मी हंसून म्हणालों, "नाचतां येईना, अंगण वांकडें!"

त्याला म्हण समजली नाहीं. त्यानें स्वयंपाकघरांत जाऊन आईला अर्थ विचारला. परत आला तो मुकाट्यानें यंत्र बंद करून खोलींत निघून गेला. दोन दिवस त्यानें खेळाचें नांव काढलें नाहीं, आणि माझ्याशीं बोलणें तर 'हो' व 'नाहीं' एवढ्यावरच आलें.

तिसऱ्या दिवशीं सकाळीं मी चहा घेत असतां तो यंत्र घेऊन माझ्यापुढें उभा राहिला. "आतां बघा," इतकेंच म्हणाला. आणि काय सांगूं! त्याची मोटार चेंडूला अचूक गांठीत होती. तोच मुलगा, तेंच यंत्र, तोच खेळ. बदललेली वस्तु एकच, ती म्हणजे वेळ. मी मनांत चरकलों. वर्गांतल्या मुलांना मी नेहमीं सांगत असें कीं, निकाल देण्यापूर्वीं मोजून पाहावें. आणि येथें मींच न मोजतां निकाल दिला होता.

आम्ही दोघांनीं एक वही केली. खेळ चालू असतां बातमीला जाऊन येण्यास लागणारा वेळ या सेवेंत कांचेच्या कोंपऱ्यांत दाखवितां येतो. तो मिलिसेकंदांत, म्हणजे सेकंदाच्या हजाराव्या भागांत असतो. सकाळीं आंकडा १४-१५ येई. सायंकाळीं सहापर्यंतहि तोच. साडेसहानंतर मात्र तो १५० च्या वर चढे. सेकंदास साठ चित्रें म्हणजे एका चित्रास सुमारें १७ मिलिसेकंद. तेव्हां दीडशें मिलिसेकंद म्हणजे नऊ चित्रांचा उशीर. मुलगा नऊ चित्रांपूर्वींच्या चेंडूकडे पाहून कळ दाबीत होता. मोटार उशिरा उडणें अटळच होतें.

साडेसहाला घरांत काय घडतें, हें शोधणें आतां कठीण नव्हतें. मुलगी व जांवई कामावरून येत आणि आपापले फोन विजेला लावून ठेवीत. विजेला लागतांच ते फोन दिवसभराचीं छायाचित्रें व चलच्चित्रें दूरच्या भांडारांत पाठवूं लागत. त्या घरांतील इंटरनेटची येणारी वाट ३०० मेगाबिटांची, पण जाणारी वाट अवघी १० ची होती. केबलवरून येणाऱ्या इंटरनेटमध्यें असा भेद सामान्य आहे. नातवाच्या कळेची बातमी ही जाणाऱ्या वाटेनेंच जावयाची. पोस्टाच्या खिडकीशीं एखादा गृहस्थ चाळीस रजिस्टर पार्सलें घेऊन उभा असावा आणि त्याच्यामागें आपण एका पोस्टकार्डासह तिष्ठत राहावें, तशी तिची गत होत होती. पोस्टकार्ड लहान आहे म्हणून रांग लहान होत नाहीं.

यांतून मला जें कळलें तें हें कीं, या खेळांत वाट किती रुंद, हा प्रश्न दुय्यम आहे. निरोप किती वेळांत जाऊन येतो, हा मुख्य. लोक मात्र पैसे भरून वाट रुंद करीत बसतात.

आतां ज्यांच्या घरीं हें यंत्र आहे त्यांच्यासाठीं क्रमानें सांगतों. स्टीम डेक चालू-बंद करण्याची कळ दाबून धरली कीं 'डेस्कटॉप मोड'मध्यें जाण्याचा पर्याय येतो. तेथून एनव्हिडियाच्या पानावरील स्टीम डेकचें अ‍ॅप उतरवून घ्यावें, तें उघडून बसवावें व परत खेळाच्या बाजूस यावें. मग आपलें खातें उघडून, ज्या दुकानांत खेळ घेतले असतील तें त्यास जोडावें. चित्राचा आकार यंत्राच्या कांचेइतकाच, म्हणजे १२८० गुणिले ८००, ठेवावा आणि चित्रें सेकंदास साठ. सात इंचांच्या कांचेवर दिवाणखान्यांतील मोठ्या पडद्याची बारीकी मागण्यांत अर्थ नाहीं. इतक्या चित्रास कंपनीच्या सांगण्याप्रमाणें सुमारें १५ मेगाबिटांची वाट पुरते. १०८० च्या चित्रास २५ लागते. निरोपाचा फेरा ८० मिलिसेकंदांच्या आंत असावा, आणि ४० च्या आंत असेल तर उत्तम.

त्यानंतर घरांतली वाट पाहावी. वाय-फायच्या दोन पट्ट्या सर्वत्र आढळतात. २.४ गिगाहर्ट्झची पट्टी लांबवर पोंचते, पण तिच्यांत शेजाऱ्यापाजाऱ्यांची गर्दी असते, आणि मायक्रोवेव्ह भट्टीहि त्याच पट्टींत कुरबूर करिते. ५ गिगाहर्ट्झची पट्टी भिंतींना लवकर थकते, पण मोकळी असते. खेळासाठीं हीच निवडावी, व राउटर कपाटांत किंवा टीव्हीच्या मागें न दडवितां खोलींत उंचावर, उघड्यावर ठेवावा. आम्हीं तो जोड्यांच्या कपाटांतून काढून दिवाणखान्यांतील फळीवर ठेविला. स्टीम डेकमध्यें वाय-फायची वीज वांचविण्याची एक सोय आहे; तिच्यामुळें निरोप कधीं कधीं अडखळतो. विकसकांच्या सेटिंगांत ती बंद करितां येते. यंत्र टेबलावर ठेवून खेळावयाचें असेल, तर इथरनेटची तार जोडणारा डॉक घ्यावा. तारेसारखी विश्वासू वाट दुसरी नाहीं.

शेवटीं रांगेची शिस्त. फोनांनीं छायाचित्रें पाठविण्याचें काम सर्व निजल्यावर करावें, अशी व्यवस्था आम्हीं केली. कांहीं राउटरांत रांग आंवरण्याची सोय असते. तेथें वाटेची मर्यादा मोजलेल्या रुंदीपेक्षां थोडी कमी सांगितली कीं, मोठीं पार्सलें लहान पत्रांस वाट देऊं लागतात. या सर्वांत आम्हांस एक डॉलरहि खर्च आला नाहीं. तिसऱ्या सायंकाळीं वहींतला आंकडा १६ होता.

पुण्यास परतल्यावर शेजारचीं मुलें विचारूं लागलीं, "काका, हें इथें चालेल का?" त्यांना मीं आधीं भूगोल सांगितला. कांचतंतूंतून प्रकाश सेकंदास सुमारें दोन लक्ष किलोमीटर जातो. मुंबईहून न्यू जर्सी सुमारें १२,५०० किलोमीटर. म्हणजे निरोप सरळ रेषेनें गेला तरी जाण्यायेण्यास १२५ मिलिसेकंद लागणारच. ही निसर्गाची मर्यादा आहे, पैशानें सुटणारी नव्हे. म्हणून खेळाचें केंद्र जवळ असलें पाहिजे. मायक्रोसॉफ्टची एक्सबॉक्स क्लाउड गेमिंग ही सेवा नोव्हेंबर २०२५ मध्यें भारतांत सुरू झाली, त्यामुळें आपल्याकडील मुलांनाहि आतां हा मार्ग खुला आहे. मग मीं त्यांना गणित घातलें. १५ मेगाबिट म्हणजे तासाला पावणेसात गिगाबाइट. ज्या फोनला दिवसाला दोन गिगाबाइट मिळतात, त्याची शिधा अठरा मिनिटांच्या आंत संपेल. तेव्हां हा खेळ घरच्या फायबरवर खेळावा, फोनच्या शिध्यावर नव्हे.

आतां राहिली ती माझी कबुली. आंकडा १६ दिसला त्या सायंकाळीं मीं नातवास जवळ बसविलें व म्हणालों, "बाळ, म्हण खरी आहे, पण मीं ती चुकीच्या जागीं वापरली. तुला नाचतां येत होतें. अंगण वांकडेंच होतें." तो कांहीं बोलला नाहीं, फक्त सरकून माझ्या खांद्यास टेंकला.

त्यानंतर महिनाभर आम्ही रोज सायंकाळीं बसत असूं. एका सामन्यांत त्याची मोटार पुन्हां चेंडू हुकली. मीं संवयीनें कोंपऱ्यांतील आंकडा पाहिला. तो १५ होता. मी कांहीं बोलण्यापूर्वींच मुलगा म्हणाला, "आजोबा, आतां अंगण सरळ आहे. ही चूक माझीच."

चौतीस वर्षांच्या नोकरींत हें वाक्य मीं फार थोड्या मुलांच्या तोंडून ऐकलें होतें. त्याचें कारण मला त्या सायंकाळीं उमगलें. मुलाची खरी तक्रार आपण आधीं मान्य केली, तरच तें आपली खरी चूक मागून कबूल करितें.