निर्लेखनाच्या यादीतली पुस्तकं
(स्नेहमेळाव्यातील भाषणाचं शब्दांकन)



संयोजकांनी मला 'संगणक : काल, आज आणि उद्या' असा विषय दिला होता. उद्याचं मला काही सांगता येत नाही आणि आजचं तुमच्या मुलांना माझ्यापेक्षा जास्त कळतं. म्हणून मी फक्त कालवर बोलणार आहे, त्यातही कालच्या पुस्तकांवर. त्याला तातडीचं कारण आहे. आपल्या शाळेचं ग्रंथालय नव्या इमारतीत चाललंय. तिथे निम्मीच कपाटं मावणार आहेत. निर्लेखनाच्या यादीत संगणकाची झाडून सगळी पुस्तकं आली आहेत, एकूण ११२. सगळ्यांपुढे शेरा एकच, 'कालबाह्य'. ग्रंथपाल मॅडमनी परवा ती यादी माझ्या हातात दिली आणि विचारलं, "तुम्ही या क्षेत्रातले. यातलं काही ठेवण्यासारखं आहे का?" मी म्हटलं, मेळाव्यातच सांगतो, म्हणजे चारचौघांची साक्ष राहील.

आधी जी खुशाल जाऊ द्यावीत ती सांगतो. वर्डस्टारची, लोटसची, डीबेस थ्री प्लसची पुस्तकं. कुठली कळ दाबली की काय होतं, एवढंच ती सांगतात. ते सॉफ्टवेअर गेलं आणि त्यांचं कामही गेलं. एसटीचं १९९० सालचं वेळापत्रक कुणी जपून ठेवत नाही, तसंच हे. परीक्षेची गाइडंही जाऊ द्या. अशी नव्वदेक निघतील.

उरलेल्या वीस-बावीस पुस्तकांसाठी मी उभा आहे. ती यंत्राच्या पोटात काय चाललंय ते सांगतात, आणि पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत सगळं सांगतात.

त्यातलं पहिलं तुम्ही सगळ्यांनी पाहिलेलं आहे. आपण नववीत असताना शाळेत बीबीसी मायक्रो आले, आठवतंय? केंद्र सरकारच्या 'क्लास' प्रकल्पातून १९८४-८५ मध्ये देशातल्या सुमारे अडीचशे शाळांना ते मिळाले, त्यांत आपली शाळा होती. चपला बाहेर काढून आत जायचं, पंख्याखाली ओळीने बसायचं, प्रत्येकाला दहा मिनिटं. त्या यंत्राबरोबर एक जाडजूड युजर गाइड आलं होतं, जॉन कॉल यांनी लिहिलेलं. सरांनी ते कपाटात कुलपात ठेवलं होतं, पण मधल्या सुट्टीत मागितलं तर द्यायचे. आज त्या गाइडचं नवल वाटतं ते असं : शाळकरी मुलांसाठी आणि घरच्या वापरासाठी केलेल्या यंत्राच्या पुस्तकात बेसिकच्या जोडीने थेट ६५०२ प्रोसेसरची असेंब्ली भाषा होती. यंत्रात ३२ किलोबाइट रॅम आणि वेग दोन मेगाहर्ट्‌झ. त्यात बेसिकच्या प्रोग्रॅममध्येच चौकटी कंस टाकून आत असेंब्ली लिहिता यायची. ती बेसिक लिहिली सोफी विल्सन यांनी. पुढे याच एकॉर्न कंपनीत त्यांनी एआरएम प्रोसेसरची आज्ञावली आखली. तुमच्या खिशातल्या फोनमध्ये बहुधा त्याच घराण्याचा प्रोसेसर आहे. त्यामुळे भाषण चालू असताना जे फोन बघताहेत, त्यांचाही या पुस्तकाशी संबंध आहे.

दुसरं पुस्तक माझ्यासारख्या डिप्लोमावाल्यांच्या आणि इंजिनिअरिंगवाल्यांच्या काळजाचं. रमेश गावकरांचं ८०८५ मायक्रोप्रोसेसरवरचं. गावकर अमेरिकेत न्यू यॉर्क राज्यात, सिराक्यूजच्या कम्युनिटी कॉलेजात शिकवत. पण त्यांच्या पुस्तकाची भारतीय आवृत्ती इथल्या वसतिगृहांत जितकी फिरली तितकी क्वचितच कुठली फिरली असेल. प्रयोगशाळेत ८०८५ चं किट असायचं, पडदा नाही, सहा लाल आकडे आणि कळफलकाचे छोटे चौकोन. प्रोग्रॅम कागदावर लिहायचा, प्रत्येक आज्ञेचा आकडा पुस्तकाच्या मागच्या तक्त्यात शोधायचा आणि एकेक आकडा टिपायचा. '३ई' म्हणजे पुढचा आकडा ए रजिस्टरमध्ये ठेव. '७६' म्हणजे थांब. माझ्या बायकोला आमच्या लग्नाची तारीख माझ्यापेक्षा चांगली आठवते, पण हे तक्ते मला अजून पाठ आहेत. गावकरांची खुबी अशी की ते चिप, तिला जोडलेली मेमरी, तारा आणि आज्ञा हे सगळं एकत्र शिकवतात. आज्ञा मेमरीतून उचलताना कुठल्या तारेवर कोणत्या क्षणी कुठला संकेत जातो, याची आकृती समोर असते. आपण लिहिलेल्या एका ओळीचं विजेत काय होतं, हे तिथे दिसतं.

आता जरा मोठी गोष्ट. आयबीएमने आपला पर्सनल कॉम्प्युटर ऑगस्ट १९८१ मध्ये आणला. त्याबरोबर टेक्निकल रेफरन्स नावाचं पुस्तक विकायला ठेवलं. त्यात यंत्राच्या सर्किटच्या आकृत्या तर होत्याच, शिवाय बायोस, म्हणजे यंत्र चालू होताच सगळ्यात आधी चालणारा प्रोग्रॅम, संपूर्ण छापला होता, ओळीओळीला टिपा देऊन. छापला म्हणजे कॉपी करायची परवानगी दिली असं नव्हे; त्यावर कॉपीराइट होता. कॉम्पॅक कंपनीला तसंच यंत्र बनवायचं होतं. त्यांनी माणसांचे दोन गट केले. एका गटाने ती छापील यादी वाचायची आणि बायोस काय काय काम करतो तेवढं लिहून द्यायचं. दुसऱ्या गटाने त्यावरून स्वतःचा बायोस लिहायचा. दुसऱ्या गटात घेण्याची अट काय, तर ते पुस्तक कधीही वाचलेलं नसावं! पुस्तक न वाचल्याबद्दल नोकरीत महत्त्व मिळाल्याचं दुसरं उदाहरण मला माहीत नाही. (शेवटच्या बाकावरच्या मंडळींनी टाळ्या वाजवू नयेत.) पण त्यातूनच आयबीएमसारखी चालणारी स्वस्त यंत्रं निघाली, आणि १९९० च्या आसपास आपल्या तालुक्याच्या गावातल्या टायपिंग इन्स्टिट्यूटमध्ये जी पोहोचली ती तसलीच.

त्या यंत्रावरचं माझं सर्वांत लाडकं पुस्तक पीटर नॉर्टन यांचं, 'प्रोग्रॅमर्स गाइड टू द आयबीएम पीसी', १९८५ सालचं. मुखपृष्ठावर गुलाबी शर्ट घालून, हाताची घडी घालून नॉर्टनसाहेब उभे. अमेरिकेत त्याला 'गुलाबी शर्टवालं पुस्तक'च म्हणत. माझी प्रत मी पुण्याला अप्पा बळवंत चौकात जुन्या पुस्तकांत घेतली. त्यातली एकच गोष्ट इथे सांगतो, म्हणजे संगणकाशी ज्यांचा संबंध नाही त्यांनाही मी कशासाठी भांडतोय ते कळेल.

तो जुना पडदा म्हणजे आपली चौकटीची वही समजा. २५ ओळी, प्रत्येक ओळीत ८० घरं, एकूण २०००. यंत्राच्या मेमरीत या प्रत्येक घरासाठी दोन बाइट राखून ठेवलेले असतात. पहिल्यात अक्षराचा आकडा, दुसऱ्यात रंगाचा. रंगीत पडद्यासाठी ही जागा 'बी ८००' या पत्त्यापासून सुरू होते. तिथे पहिल्या बाइटमध्ये ६५ लिहा आणि दुसऱ्यात ४. पडद्याच्या डाव्या कोपऱ्यात वरती लाल रंगाचं इंग्रजी 'ए' उमटतं. छापायची आज्ञा द्यावी लागत नाही, कुणाची परवानगी घ्यावी लागत नाही. मेमरीत आकडा गेला की पडद्यावर अक्षर.

या उन्हाळ्यात माझ्या नववीतल्या भाचीला मी नॉर्टनचं ते प्रकरण वाचायला दिलं. लॅपटॉपवर डॉसबॉक्स हे फुकट मिळणारं सॉफ्टवेअर घातलं, त्यात जुना पीसी हुबेहूब चालतो. तिने आकडे टाकले, लाल ए उमटला. मग तिने स्वतःहून पुढच्या घरात, त्याच्या पुढच्या घरात असं करत आपलं नाव लिहिलं, प्रत्येक अक्षर वेगळ्या रंगात. मग मला म्हणाली, "मामा, म्हणजे पडदा ही पण मेमरीच आहे?" ती दोन वर्षं शाळेत संगणक शिकते आहे. फाइल उघडते, चित्रं काढते, प्रेझेंटेशन करते. हा प्रश्न तिला तोवर पडला नव्हता, कारण पडण्यासारखं कुणी समोर ठेवलंच नव्हतं.

आजच्या यंत्रावर हे असं सरळ करता येत नाही, आणि त्याला योग्य कारण आहे. आज प्रत्येक प्रोग्रॅम आपापल्या भिंतींच्या आत चालतो. जुन्या पीसीत भिंतीच नव्हत्या. कुठलाही प्रोग्रॅम कुठेही लिहू शकायचा, म्हणून तर १९८६ मध्ये लाहोरहून निघालेला 'ब्रेन' व्हायरस फ्लॉपीच्या पहिल्या सेक्टरवर बसून जगभर फिरला. मी जुन्या यंत्रांची आरती ओवाळत नाही. पण भिंत का बांधली हे समजायला आधीचं मोकळं अंगण पाहिलेलं बरं.

मराठी माणसाचं पुस्तक यादीत आहे का, असं कुणीतरी मघाशी विचारलं. आहे. नागपूरच्या यशवंत कानेटकरांची दोन आहेत. 'लेट अस सी' तुमच्यापैकी ज्यांची मुलं इंजिनिअर झाली त्यांच्या घरी असेलच. त्यावर टीकाही होते. जुन्या आवृत्त्या टर्बो सी आणि डॉसला इतक्या चिकटलेल्या होत्या की मुलांना तीच सी भाषा वाटायची, आणि ही टीका मला पटते. सी भाषा मुळातून शिकायची तर कर्निगन आणि रिची यांचं पुस्तकच घ्यावं, पातळ आहे पण कस काढतं. कानेटकरांचं माझ्या मते खरं ठेवण्यासारखं पुस्तक दुसरं, 'रायटिंग टीएसआर्स थ्रू सी'. टीएसआर म्हणजे आपलं काम करून मेमरीतच दबा धरून बसणारा प्रोग्रॅम. पीसीचं घड्याळ सेकंदाला साधारण १८.२ वेळा प्रोसेसरला टोचतं. मेमरीच्या अगदी सुरुवातीला २५६ पत्त्यांचा एक तक्ता असतो, त्यात त्या टोचणीने कुठे जायचं ते लिहिलेलं असतं. तो पत्ता बदलून आपला घालायचा, आपलं काम उरकायचं आणि मूळ पत्त्यावर जायचं. एवढ्यावर पडद्याच्या कोपऱ्यात चालतं घड्याळ दिसतं, खाली दुसरंच काही चालू असलं तरी. पहिल्यांदा ते जमलं त्या रात्री आमच्या खोलीवर कुणी झोपलं नाही.

यात एक अडचण असते. डॉस स्वतः काही काम करत असताना मध्येच त्यालाच दुसरं काम सांगितलं तर यंत्र गोठतं. डॉस कामात आहे की मोकळा, हे सांगणारी खूण डॉसमध्ये होती, पण मायक्रोसॉफ्टने ती जाहीर केलेली नव्हती. अशा लपवलेल्या गोष्टी एकत्र करून १९९० मध्ये 'अनडॉक्युमेंटेड डॉस' निघालं. त्याच्या लेखकांत अँड्र्यू शुलमन होते, आणि गंमत म्हणजे टिम पॅटरसनही होते. ज्या प्रोग्रॅमपासून डॉस बनला तो मूळ पॅटरसननीच लिहिलेला. आता डॉसच्या पहिल्या आवृत्त्यांचा सोर्स कोड २०१४ मध्ये आणि चौथीचा २०२४ मध्ये मायक्रोसॉफ्टनेच खुला केला आहे. त्या पुस्तकातली विधानं मूळ कोडशी ताडून बघता येतात. कालबाह्य म्हणून टाकायच्या पुस्तकाची किल्ली आत्ता कुठे हाती आली आहे.

शेवटची दोन पुस्तकं. ऑस्ट्रेलियात न्यू साउथ वेल्स विद्यापीठात जॉन लायन्स यांनी १९७६ मध्ये विद्यार्थ्यांसाठी युनिक्सच्या सहाव्या आवृत्तीचा पूर्ण कोड, सुमारे ९००० ओळी, आणि त्यावर टीका असं दोन भागांत काढलं. टीका ज्ञानेश्वरीच्या अर्थाने, मूळ ओवीला धरून. पुढच्या आवृत्तीचा कोड वर्गात शिकवायला परवान्याने बंदी आली, आणि मग लायन्सच्या झेरॉक्सच्या झेरॉक्स जगभर फिरल्या. रीतसर पुस्तक निघायला १९९६ उजाडलं. त्या बंदीमुळेच हॉलंडमध्ये अँड्र्यू टॅननबॉम यांनी शिकवण्यापुरती आपली स्वतंत्र मिनिक्स लिहिली आणि १९८७ च्या पुस्तकात तिच्या सुमारे १२,००० ओळी छापल्या. ते पुस्तक हेलसिंकीत लिनस टॉरव्हाल्ड्‌स नावाच्या विद्यार्थ्याने वाचलं आणि १९९१ मध्ये लिनक्स सुरू झालं. आज लिनक्सच्या गाभ्याच्या ओळी तीन कोटींच्या पुढे आहेत. त्या कुणी एक माणूस वाचू शकत नाही. ९००० ओळी एक चिकाटीची मुलगी वर्षभरात वाचू शकते.

मघाशी चहाच्या वेळी भौतिकशास्त्राचे सर म्हणाले, "अरे, पण वाचणार कोण?" सर, वर्षाला दोन मुलं वाचतील. तुम्ही आम्हाला लॉगॅरिदमच्या तक्त्यांमागचं गणित शिकवलंत तेव्हाही वर्गातली दोनच मुलं ऐकत होती, आणि तुम्ही साठ जणांना शिकवत होतात.

तर मुख्याध्यापक बाई, माझी विनंती अशी. यादीवर सही करण्याआधी मी खुणा केलेली २१ पुस्तकं बाजूला काढावीत. कपाटाची जागा अडते म्हणून एक लोखंडी कपाट आम्ही बॅचतर्फे देतो, खजिनदारांनी मान हलवली आहे. प्रयोगशाळेतल्या दोन यंत्रांवर डॉसबॉक्स मी उद्या सकाळी घालून देतो, त्याला पैसे लागत नाहीत. टॅननबॉम आणि लायन्स शाळेकडे नाहीत, माझ्या प्रती खाली ग्रंथपाल मॅडमच्या टेबलावर ठेवल्या आहेत. नॉर्टनचीही देणार होतो, पण भाचीचं अजून सातवं प्रकरण चाललंय, ती दिवाळीनंतर आणून देईल. आणि माझी कर्निगन-रिचीची प्रत १९९३ पासून या सभागृहातल्या तिसऱ्या रांगेतल्या एका मित्राकडे आहे. त्याने ती जेवणाआधी गाडीतून काढून आणावी, मॅडम तिचीही नोंद करून घेतील.