मी घरी परतले तेव्हा
(वर्धापनदिनी केलेले भाषण)



माझे शिक्षण सातवीपर्यंतचे, भाषणाची सवय नाही. चुकले तर सांभाळून घ्यावे.

2022 साली मी अडीच महिने मनोरुग्णांच्या इस्पितळात होते. ‘माहेरी गेली आहे’ असे घरच्यांनी आपल्याला सांगितले, ते खरे नव्हते. माझी झोप उडाली होती, कानांत आवाज येत, जेवणात कोणी काही कालवते असे वाटे. तो आजार होता, बाहेरची बाधा नव्हती.

परतले तेव्हा सासूबाईंनी भाकरतुकडा ओवाळून टाकला. पण भाजी चिरायला बसले, तर विळी माळ्यावर गेलेली! कोणी बोलले नाही, मीही विचारले नाही. हात थरथरून चहा सांडे, तशा आलेल्या बायका एकमेकींकडे पाहत. ती थरथर गोळ्यांची होती. डॉक्टरांना सांगायचे सोडून मी चिडून गोळ्याच बंद केल्या आणि पुन्हा झोप गेली. ती चूक माझी. पुढे डॉक्टरांनी मात्रा बदलली, तेव्हा थरथर कमी झाली.

2023 च्या संक्रांतीला मला हळदीकुंकवाचे बोलावणे आले नाही. ती संध्याकाळ मला इस्पितळापेक्षा जड गेली.

वैशाखात शेजारच्या काकू दारात आल्या. “अगं, लोणचं घालायचंय. आमच्या विळीला धार नाही, तुझी घेऊन ये.” सासूबाई क्षणभर थांबल्या, मग स्टुलावर चढून त्यांनी विळी काढून दिली. पाच किलो कैऱ्या मी चिरल्या. फोडी लहानमोठ्या झाल्या. काकू म्हणाल्या, “मुरल्यावर सगळ्या सारख्याच!” त्या दिवसापासून आमची विळी खालीच आहे.

इस्पितळात एक आजी होत्या. बऱ्या झालेल्या, पण न्यायला कोणी येईना. भेटीच्या दिवशी गाठोडे बांधून बसत. घरचे नेत नाहीत एवढ्याच कारणाने कोणाला तिथे ठेवू नये, असे 2017 चा मानसिक आरोग्य कायदा सांगतो. पण कायदा दार उघडील, पाट कोण मांडणार? तो आपणच मांडायचा.

म्हणून विनंती एवढीच. अशी बाई परतली, तर “आता बरी आहेस ना?” असे पुनःपुन्हा विचारू नका. तिला काहीतरी काम सांगा, हळदीकुंकवाला बोलवा. कोणाच्या घरी असा त्रास असेल, तर लपवू नका. 14416 या सरकारी क्रमांकावर फुकट सल्ला मिळतो.

यंदाच्या संक्रांतीला माझ्या घरी या.