दराच्या लिफाफ्याआधीची लढत

भोसरी, तळवडे, चिंचवड, चाकणहून आजचा दिवस शॉप फोरमनच्या हवाली करून आलेल्या उद्योजक बंधू-भगिनींनो,

या पट्ट्याची सुरुवातच सरकारी कारखान्याने झाली. 1954 साली पिंपरीत हिंदुस्थान अँटिबायोटिक्स उभी राहिली, 1962 मध्ये एमआयडीसी आली, मग टेल्को आणि बजाज. त्यांच्याभोवती आपण वाढलो. व्हेंडर कोड, ड्रॉइंग, शेड्यूल, रिजेक्शन हा सगळा धडा आपण मोटार उद्योगाकडून घेतला. एकदा कोड मिळाला की पिढीभर तेच गिऱ्हाईक! त्या सवयीने आपल्याला सुबत्ता दिली आणि थोडे आळशीही केले. खडकीचा दारूगोळा कारखाना 1869 पासून शेजारी आहे, देहू रोडला आयुध निर्माणी आहे, दिघीला संरक्षण संशोधनाची प्रयोगशाळा आहे; आणि आपल्याला सरकारी निविदा आठवते ती मोटार उद्योगाचे शेड्यूल कापले गेले की. 2019 च्या मंदीत हेच झाले.

अशा वेळी घाईने भरलेली निविदा गेली की आपण म्हणतो, दरात मार खाल्ला. मला हे निदान पटत नाही. आपण बहुतेकदा दराचा लिफाफा उघडण्याआधीच, अटींच्या पानावर बाद झालेलो असतो.

धोरण तर आपल्या बाजूचे आहे. केंद्र सरकारच्या 2012 च्या खरेदी धोरणाने केंद्रीय खाती आणि सार्वजनिक कंपन्यांना सूक्ष्म व लघुउद्योगांकडून वार्षिक खरेदीचा ठरावीक वाटा घेणे बंधनकारक केले. तो आधी 20 टक्के होता, 2018 मध्ये 25 झाला. त्यात 3 टक्के महिला उद्योजकांसाठी आणि 4 टक्के अनुसूचित जाती-जमातींच्या उद्योजकांसाठी. निविदा शुल्क माफ, बयाणा रक्कमही माफ. एल-वनपेक्षा, म्हणजे सर्वांत कमी दरापेक्षा, 15 टक्क्यांपर्यंत जास्त दर भरणाऱ्या लघुउद्योगाला संधी देणाऱ्या तरतुदीबद्दल मात्र आपल्यात फार गैरसमज आहे, म्हणून जरा थांबतो. समजा, मोठ्या कंपनीचा दर 100 रुपये आणि ती एल-वन. तुमचा दर 112. तुम्ही 15 टक्क्यांच्या आत आहात, म्हणून 112 ने ऑर्डर मिळेल असे कुणी समजू नये. 100 वर उतरायची तयारी असेल तरच निदान चौथा हिस्सा तुमचा. एल-वन स्वतःच लघुउद्योग असेल तर ही संधीही नाही. तेव्हा 100 ला परवडते का, हा हिशेब दर भरण्यापूर्वी करायचा असतो.

आता अटी. मागील उलाढाल इतकी हवी, अशाच मालाचा पूर्वी इतका पुरवठा केलेला हवा. गुणवत्ता सांभाळून या अटी लघुउद्योगांना शिथिल करता येतात. पण सरकारी खरेदीच्या जेम पोर्टलवरच्या निविदेत ही सवलत द्यायची की नाही, याचे ‘हो’ किंवा ‘नाही’ खरेदीदार निवडतो. आपले नशीब त्या एका चौकटीत असते, आणि आपण ती चौकट नमुने, कागद जमवून झाल्यावर वाचतो. कधी दहा प्रकारचा माल एकाच निविदेत बांधलेला असतो. त्यातले आठ आपण डोळे मिटून करू, पण दोनांसाठी बाहेर.

अधिकाऱ्याला खलनायक ठरवून मोकळे होऊ नका. अनोळखी शॉपचा माल निकामी निघाला तर लेखापरीक्षणात उत्तर त्याला द्यायचे असते. मोठ्या नावाकडून घेतला तर कुणी विचारत नाही. ही भीती भाषणांनी जाणार नाही. निविदापूर्व बैठकीत, मुदतीत, लेखी विचारलेल्या प्रश्नाने ती थोडी हलते. ही अट कोणत्या तांत्रिक कारणासाठी, हा माल वेगळा का काढता येत नाही? प्रश्न लेखी गेला की उत्तराचीही नोंद राहते, शुद्धिपत्रक निघू शकते. आपण तिथे जातच नाही. जाणार कोण? मालकच खरेदी पाहतो, डिस्पॅच पाहतो, जीएसटीही पाहतो.

आपले घरही तपासू. उद्यम प्रमाणपत्र पुढे करून दुसऱ्याचा माल विकणारे आपल्यातच आहेत. काम मिळावे म्हणून कच्च्या मालाच्या भावाखाली दर टाकणारेही आहेत. त्यांचा निकृष्ट पुरवठा पुढच्या निविदेत कडक अट होऊन सगळ्यांच्या डोक्यावर बसतो.

पैशाचे म्हणाल, तर 2006 च्या सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योग विकास कायद्याने बिल चुकते करायला 45 दिवसांची कमाल मुदत घातली आहे. ती उलटली की बँक दराच्या तिप्पट, दरमहा चक्रवाढ व्याज. 2017 मध्ये समाधान पोर्टल निघाल्यापासून तक्रारही ऑनलाइन करता येते. तरी आपण गप्प राहतो, कारण गिऱ्हाईक तुटेल. मग उशिराचे व्याज आपणच दरात मिसळतो आणि त्याच बोजाने एल-वनपासून दूर जातो. बँक हमीसाठी अडकणारी रोकड वेगळीच.

महापालिकेच्या निविदांबद्दल एवढेच सांगतो की केंद्राचे हे धोरण तिला लागू नाही. राज्याचे खरेदी धोरण निराळे आहे, ते निराळेच वाचावे लागेल.

म्हणून या अधिवेशनापुढे माझा प्रस्ताव आहे. आपल्या संघटनेने सामायिक निविदा कक्ष काढावा. दोन पगारी माणसे, एक निवृत्त खरेदी अधिकारी सल्लागार. खडकी, देहू रोड आणि पुण्यातच मुख्यालय असलेल्या म्युनिशन्स इंडियाच्या निविदा त्यांनी रोज वाचाव्यात, आक्षेप संघटनेच्या नावाने पाठवावेत, म्हणजे एकट्या शॉपचे नाव पुढे येणार नाही. एकट्याला न पेलणाऱ्या कामासाठी राष्ट्रीय लघुउद्योग निगमाची गटाने निविदा भरण्याची योजना आहे. फाउंड्री, मशीनिंग, हीट ट्रीटमेंट असे तिघे-चौघे मिळून तिच्यात शिरू शकतात. खर्च वर्गणीतून, आणि मिळालेल्या कामावर अल्प टक्केवारी. टक्का किती, यावर वाद होणार हे मला ठाऊक आहे. तो जेवणानंतरच्या सत्रात घालू; मसुद्याच्या प्रती बाहेरच्या टेबलावर ठेवल्या आहेत.