कॅमेऱ्यापुढून कॅमेऱ्यामागे

(कार्यकर्त्यांच्या शिबिरातील भाषणाचा सारांश)



मी सिनेमाची अभ्यासक नाही. पण काही वर्षांपूर्वी आम्ही वस्तीतल्या बायकांवर एक माहितीपट केला. तो दाखवल्यावर एक बाई म्हणाल्या, "पाणी भरताना मी दिसते, बोलता मात्र तुम्हीच." ते मला अजून टोचतं. म्हणून आज सेनेगलच्या साफी फायबद्दल बोलणार आहे.

साफीचा जन्म १९४३ चा, डाकारचा. मूळ गाव फाद्जाल, समाज सेरेर. ती शाळेत शिकवत होती. १९६६ साली डाकारमध्ये भरलेल्या कृष्णवर्णीयांच्या जागतिक कलामहोत्सवात तिला फ्रेंच दिग्दर्शक जाँ रूश भेटला. त्याच्या चित्रपटात तिने अभिनय केला. पुढे पॅरिसमध्ये ती मानववंशशास्त्र आणि चित्रपट, दोन्ही शिकली.

१९७२ च्या तिच्या पहिल्या लघुपटात मुख्य भूमिका तिचीच आहे. पॅरिसच्या रस्त्यावरून एक आफ्रिकी बाई चालली आहे. एक फ्रेंच आणि एक आफ्रिकी पुरुष तिच्याकडे बघताहेत; दोघे आपापल्या कल्पनेतली बाई तिच्यात शोधताहेत. बघितलं जाणं म्हणजे काय, हे तिला पुस्तकातून शिकावं लागलं नव्हतं!

मग १९७५ साली 'काद्दू बेयकात', म्हणजे शेतकऱ्याचा आवाज. सहाराच्या दक्षिणेकडच्या आफ्रिकेतल्या स्त्रीने केलेला आणि व्यावसायिकरीत्या प्रदर्शित झालेला हा पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट मानला जातो. गोष्ट साधी आहे. पीक बुडाल्यामुळे न्गोरला लग्नाचा खर्च झेपत नाही, तो कामासाठी डाकारला जातो आणि तिथे नाडला जातो. पण खरा विषय भुईमुगाचा. वसाहतीच्या काळात लादलेल्या या एका नगदी पिकावर सगळं गाव टांगलेलं. गावकरी झाडाखाली बसून कर्ज, कर, भाव यांबद्दल स्वतःच बोलतात. सेनेगल सरकारने सुरुवातीला चित्रपटावर बंदी घातली.

१९८३ च्या 'सेल्बे'मध्ये नवरा शहरात गेल्यावर मुलांचं पोट भरणारी बाई आहे. 'मोसान'मधली चौदा वर्षांची मुलगी घरच्यांनी ठरवलेल्या श्रीमंत स्थळाला नकार देते. त्याचं चित्रीकरण १९९० चं; निर्मितीच्या वादात तो अडकला आणि १९९६ साली कान महोत्सवात दाखवला गेला. इतकी वर्षं ती त्यासाठी भांडत राहिली. २०२३ साली पॅरिसमध्ये तिचं निधन झालं.

साफी स्वतःच्याच गावात कॅमेरा घेऊन गेली होती, आपण तर बहुतेकदा दुसऱ्याच्या वस्तीत जातो. तेव्हा पुढच्या वेळी आधी बायकांना बोलू द्यायचं, संकलनाला त्यांना शेजारी बसवायचं, आणि पहिला खेळ त्यांच्याच वस्तीत करायचा. एवढं तरी ठरवून आपण इथून उठू या.