लेखनिक नसलेलं गाव

मंडळी, पत्रिकेत विषय छापलाय ‘दगडखाणी आणि न्यायालयं’. गौण खनिजाचा परवाना, रॉयल्टी, तलाठ्यापासून कलेक्टरपर्यंतची वाट तुम्हाला तोंडपाठ आहे. 2012 साली दीपक कुमार खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं पाच हेक्टरांच्या आतल्या खाणींनाही पर्यावरण मंजुरी लागू केली, तेही तुम्ही वाचलंय. पुढे जाऊ.

माझं म्हणणं एवढंच, की गावं कोर्टात हरत नाहीत. ती हरूनच कोर्टात येतात.

2010 च्या हरित न्यायाधिकरण कायद्याचं कलम 14 बघा. वादाचं कारण पहिल्यांदा घडलं, तिथून सहा महिन्यांत अर्ज करायचा. सबळ कारण असेल तर आणखी साठ दिवस. भरपाई मागायला कलम 15 खाली पाच वर्षं आहेत, पण खाण थांबवायची तर घाई हवी. आता गावाला विचारा, भिंतीला तडा कधी गेला? ‘लई दिवस झाले की.’ समोरचा वकील खूश! (हशा)

एका गावचे लोक माझ्याकडे पिशवी घेऊन आले. आत भिंतीचा पोपडा. म्हणाले, ‘वकीलसाहेब, पुरावा.’ मी विचारलं, कुठल्या भिंतीचा, कुठल्या सुरुंगाचा? सगळे एकमेकांकडे बघायला लागले.

यावरून पुरातत्त्ववाले सांकळिया आठवले. 1954 ते 56 हसमुख सांकळिया आणि त्यांची माणसं इथं नेवाशात लाडमोडचं टेकाड खणत होती. आपल्याला वाटतं, त्यांना खापरं सापडली, मणी सापडले. अहो, खापरं आपल्या पोरांनाही सापडायची! त्यांचं काम होतं थर नोंदवणं. कुठला तुकडा कुठल्या थरात, किती खोलीवर, शेजारी काय. प्रवरेकाठच्या गोट्यांच्या थरातली दगडी हत्यारं तशीच. थरातून उचलून खिशात घातलं की राहिला नुसता दगड. त्या वह्यांतून 1960 साली जाडजूड ग्रंथ झाला, आणि अश्मयुगाच्या अभ्यासात आपल्या गावाच्या नावानं हत्यारं ओळखली जाऊ लागली. त्यातल्या तांब्याच्या मण्यांची गोष्ट तर... चिठ्ठी आली. अध्यक्ष, मी विषयावरच आहे! (हशा)

नोंदीचं मोल कोर्टात कसं ठरतं, ते केरळच्या खाणींच्या एका प्रकरणातून सांगून आटोपतो. तिथल्या एका तक्रारीच्या पत्रावरून हरित न्यायाधिकरणानं जुलै 2020 मध्ये वस्तीपासून अंतर ठरवलं, सुरुंगाच्या खाणीला 200 मीटर, बिनसुरुंगाच्या खाणीला 100. राज्याचा नियम होता 50 चा. खाणवाले भांडले, आमचं ऐकलंच नाही म्हणाले, आणि त्यात तथ्य नव्हतं असं मी म्हणणार नाही. पण नुसत्या पत्रावरून स्वतःहून प्रकरण हाती घेता येतं का? मुंबई महापालिकेच्या कचऱ्याच्या खटल्याबरोबर हा प्रश्न सर्वोच्च न्यायालयात गेला आणि 7 ऑक्टोबर 2021 ला उत्तर आलं, येतं. म्हणजे पत्राला किंमत आहे. फक्त पत्रात तारीख पाहिजे.

ज्ञानेश्वर माउली इथं ज्ञानेश्वरी बोलले, पण सच्चिदानंद बाबांनी लिहून घेतलं म्हणून आपल्यापर्यंत आलं. त्या गावात आज ग्रामसभेच्या प्रोसिडिंगात ‘खाणीबाबत चर्चा झाली’ एवढीच ओळ? सुरुंगाची वेळ लिहा. विहिरीत दोर सोडून पाणी दर महिन्याला मोजा. तड्याशेजारी पट्टी धरून फोटो काढा. शाळेच्या गुरुजींची सही घ्या, आणि अर्जाची पोच घेतल्याशिवाय तहसीलच्या पायऱ्या उतरू नका.

मागून कुणी तरी म्हणालं, ‘तुमचा बंगला कशाचा?’ खडीचाच, साहेब. मी खडीच्या विरुद्ध नाही. नेवासे फाट्यापर्यंतचा रस्ता नीट असता तर मीही आज वेळेवर पोचलो असतो. (हशा) ज्यांचे क्रशर आहेत, त्यांनीही वही ठेवावी. किती वाजता, किती भोकं, किती दारू. खोटी तक्रार आली तर तीच वही त्यांना वाचवेल.

दुसरी चिठ्ठी. बरं, रॉयल्टीचा भाग राहिला. ज्यांना दंडाच्या नोटिसा आल्यात, त्यांनी कागद घेऊन बाहेर भेटा. तोंडी सांगू नका.