जेसलमेरचे भूमिगत ज्ञानभांडार



जेसलमेर दुर्गातील श्री संभवनाथ जिनालयाच्या तळघरात पंधराव्या शतकात आचार्य जिनभद्रसूरींनी ताडपत्रीय ग्रंथांचा ठेवा सुरक्षित केला. समयापासून सागरोपमापर्यंत काळाचे मापन सांगणारी आगमपरंपरा त्या कोरड्या वाळवंटी हवेत शतकानुशतके टिकली. १९५० च्या सुमारास मुनी पुण्यविजयजींनी भांडाराची पुनर्व्यवस्था केली.

मुहूर्त ४८ मिनिटांचा, चालू पाचवा आरा २१,००० वर्षांचा. घरच्या माळ्यावरील पोथीला मात्र वाळवी एवढी सवड देत नाही. म्हणून ज्ञानपंचमीस केवळ पूजन न करता प्रत्येक घराने पोथी उघडावी, वेष्टन बदलावे, सूची करावी. ज्ञानरक्षा हीच खरी ज्ञानपूजा होय.

जय जिनेंद्र!